वाचकांचे प्रश्न : बालगंधर्व बोलपटात का रमले नाहीत?

बोलपटाच्या, म्हणजे आवाज असलेल्या चित्रपटाच्या, सुरुवातीच्या काळाविषयीच्या आमच्या लेखात बालगंधर्वांचा, म्हणजे मराठी संगीत रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणाऱ्या थोर गायक-नटाचा, उल्लेख दोनच ओळींत आला होता. त्यावर आलेल्या पत्रांतील निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे या वेळी देत आहोत. सारख्या आशयाची पत्रे एकत्र केली आहेत.

प्रश्न : बालगंधर्वांच्या जीवनावरील 2011 चा मराठी चित्रपट आम्ही घरच्या सर्वांनी पाहिला. त्यानंतर आमच्या आजोबांनी सांगितले, की स्वतः बालगंधर्वांनीही बोलपटांत कामे केली होती. हे खरे आहे का? असल्यास एवढा लोकप्रिय नट तेथे टिकला का नाही? (एक वाचक, सोलापूर)

आजोबांची आठवण बरोबर आहे. बालगंधर्वांचे, म्हणजे नारायण श्रीपाद राजहंस यांचे, दोन बोलपट सांगता येतात. पहिला ‘धर्मात्मा’ हा 1935 साली पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम होते, संगीत मास्तर कृष्णरावांचे होते आणि बालगंधर्वांची भूमिका संत एकनाथांची होती. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ असे ठेवले होते. परंतु अस्पृश्यतेच्या प्रश्नावरील कथानक आणि त्यात हे नाव, म्हटल्यावर सरकारला त्यात गांधीजी दिसले आणि नाव बदलावे लागले. दुसरा बोलपट ‘साध्वी मीराबाई’. तो 1937 च्या सुमारास बाबूराव पेंटरांनी काढला आणि त्यात बालगंधर्व मीरेच्या भूमिकेत होते.

‘प्रभात’शी झालेला करार एका चित्रपटापुरता नव्हता. पुढेही त्यांनी एकत्र काम करावयाचे होते, पण पहिल्याच चित्रपटानंतर बालगंधर्व त्यातून बाहेर पडले. याचे कारण सांगताना ‘त्यांना कॅमेऱ्याची सवय नव्हती’ एवढेच म्हणून बहुतेक लेखक पुढे जातात. आम्हाला ते उत्तर अपुरे वाटते, कारण सवय नसलेले कितीतरी नट त्या दशकात रंगभूमीवरून बोलपटात आले आणि रुळले. गोविंदराव टेंबे हे तर बालगंधर्वांचे एके काळचे भागीदार. त्यांनी 1932 च्या ‘अयोध्येचा राजा’मध्ये हरिश्चंद्राची भूमिका करून दाखवली. केशवराव दाते नाटकातले आणि बोलपटातलेही थोर नट ठरले. मग बालगंधर्वांचेच का अडले?

त्यांची कला कशावर उभी होती हे पाहिले, की याचा उलगडा होतो. त्यांच्या गंधर्व नाटक मंडळीचा प्रयोग रात्री सुरू होई आणि पुष्कळदा पहाटेपर्यंत चाले. प्रयोग किती लांबणार हे नाटककाराच्या संहितेवर ठरत नसे, ते समोरच्या प्रेक्षकांवर ठरे. एखाद्या पदाला वन्समोर मिळाला, की बालगंधर्व ते पद पुन्हा घेत आणि दुसऱ्या वेळी तसेच्या तसे म्हणत नसत. ‘स्वयंवर’ नाटकामध्ये रुक्मिणी ‘नाथ हा माझा’ गाते. यमनातल्या या पदाचे शब्द दोन-तीन मिनिटांत संपतील एवढेच आहेत, पण रंगमंचावर ते तेवढ्यात संपत नसे. ‘नाथ’ हा एक शब्द कधी लाजून, कधी अभिमानाने, कधी स्वतःशीच बोलल्यासारखा असा वेगवेगळ्या जागांनी घ्यायचा, समोरून ‘वाहवा’ आली की त्याच जागेवर थोडे अधिक रेंगाळायचे आणि सारंगीवर कादरबक्ष, तबल्यावर अहमदजान थिरकवा यांच्यासारखे साथीदार नेमके तेथे हजर आहेत या भरवशावर पुढची जागा घ्यायची, अशी ती सगळी मांडणी होती. या गाण्यात प्रेक्षक निम्म्याचा भागीदार होता. बालगंधर्व प्रेक्षकांना ‘मायबाप’ म्हणत, त्यात शिष्टाचार होता तसे हे अवलंबूनपणही होते, असे आम्हाला वाटते.

आता हाच नट 1935 च्या स्टुडिओत उभा करून पाहा. समोर प्रेक्षक नाहीत, आहेत ती यंत्रे आणि ती चालवणारी माणसे. प्रसंग सलग होत नाही, तुकड्यातुकड्याने घेतला जातो. पार्श्वगायनाची पद्धत तेव्हा कुठे रुजू लागली होती, त्यामुळे बहुतेक ठिकाणी नटाला चित्रण चालू असतानाच गावे लागे आणि साथीदार कॅमेऱ्याच्या टप्प्याबाहेर बसत. गाणे किती मिनिटांचे हे आधी ठरलेले. वन्समोर द्यायला कोणी नाही, आणि दिग्दर्शकाने ‘पुन्हा घ्या’ म्हटले तर त्याचा अर्थ नेमका उलटा, म्हणजे काहीतरी चुकले! वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी माणसाने हे नव्याने शिकावे अशी अपेक्षा बाळगता येते, पण ज्याच्या कलेचा प्राणच समोरच्या दादेत होता त्याच्याकडून ती पुरी होणे कठीण होते.

याशिवाय एक अडचण भूमिकेची होती. ‘धर्मात्मा’त त्यांना पुरुषवेषात यावे लागले. तीस वर्षे ज्यांना शकुंतला, भामिनी, रुक्मिणी आणि सिंधू म्हणून पाहिले, त्यांना पगडी-उपरण्यात पाहण्याची प्रेक्षकांची तयारी नव्हती. लोक बालगंधर्व पाहायला गेले आणि त्यांना एकनाथ पाहावे लागले. एकनाथ म्हणून ते वाईट दिसले असे नाही. त्यांच्या चेहऱ्यावरचा मूळचा सोज्ज्वळपणा त्या भूमिकेला साजेसाच होता.

‘साध्वी मीराबाई’त स्त्रीवेष परत आला, पण तो उपाय रोगापेक्षा जड ठरला. रंगमंचावर नट आणि प्रेक्षक यांच्यात अंतर असते, आणि त्या अंतराच्या आधाराने स्त्रीभूमिकेचा आभास टिकतो. कॅमेरा ते अंतर एका क्षणात पुसून टाकतो. पन्नाशीला टेकलेल्या पुरुषाचा चेहरा जवळून दाखवून ‘ही मीरा’ म्हटले, तर ज्यांनी ‘अयोध्येचा राजा’मधली दुर्गा खोटे यांची तारामती पडद्यावर पाहिली आहे ते प्रेक्षक कसे मानणार? गंमत अशी, की ज्या बाबूराव पेंटरांनी 1920 मध्ये ‘सैरंध्री’ या मूकपटात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनाच दिल्या होत्या, त्यांनीच सतरा वर्षांनी एका पुरुषाला मीरा म्हणून उभे केले. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत ज्याची उमेद गेली, त्या चित्रकाराला बालगंधर्वांचा मोह आवरला नसावा, हा आमचा तर्क.

प्रश्न : ‘बालगंधर्व’ ही पदवी लोकमान्य टिळकांनी दिली, असे शाळेत शिकलो. ही कथा विश्वसनीय आहे का? त्यांना लहानपणी कमी ऐकू येत असे, हेही ऐकले आहे. (एक वाचक, सांगली)

नारायणरावांचा जन्म 26 जून 1888 चा, आणि दहा वर्षांच्या आसपास वय असताना त्यांचे गाणे पुण्यात टिळकांच्या कानावर पडले व टिळकांच्या तोंडून ‘बालगंधर्व’ हा शब्द निघाला, ही हकिकत सर्व चरित्रकारांनी स्वीकारलेली आहे. तपशिलात फरक आढळतात, पण नाव टिळकांचेच याविषयी वाद नाही. मात्र ‘पदवी दिली’ म्हटले, की समारंभ, शाल आणि श्रीफळ डोळ्यांपुढे येते. तसे काही घडलेले नाही. कौतुकाने उच्चारलेला एक शब्द होता, तो चिकटला आणि माणूस ऐंशीच्या घरात गेला तरी ‘बाल’ म्हणूनच ओळखला गेला.

कानाची हकिकतही खरी आहे, आणि तिच्यामुळेच ते रंगभूमीवर आले असे म्हणता येईल. कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी या मुलाचे गाणे ऐकले, त्याला कानाचा त्रास आहे हे त्यांना कळले आणि त्यांनी मिरजेच्या मिशन इस्पितळात त्याच्या उपचारांची व्यवस्था केली. भाऊराव कोल्हटकर 1901 मध्ये वारल्यापासून किर्लोस्कर नाटक मंडळी गाणाऱ्या स्त्रीपार्टी, म्हणजे स्त्रीभूमिका करणाऱ्या, नटाच्या शोधात होती. महाराजांच्या शब्दाने तो शोध संपला, आणि 1905 मध्ये मिरजेतच ‘शाकुंतल’मधून बालगंधर्व प्रथम रंगमंचावर आले. राजाश्रय म्हणजे केवळ बिदागी असे समजणाऱ्यांनी हा प्रसंग ध्यानात ठेवावा.

प्रश्न : पुरुषाने लुगडे नेसून काम केलेले लोकांना खरे कसे वाटे? ते बायकी आवाज काढत असत का? (एक वाचक, नाशिक)

आवाज काढत नसत, आणि हेच त्यांचे वैशिष्ट्य. त्यांच्या ध्वनिमुद्रिका ऐकल्या तर लगेच कळते, की हा पुरुषाचा नैसर्गिक आवाज आहे. हळुवार आणि गोड आहे, पण बायकी नाही. स्त्रीचा आभास उच्चारात, शब्द अर्धवट सोडण्यात आणि नजरेत होता. गद्य बोलतानाही ते एक प्रकारच्या लयीत बोलत, ज्याला कोणी गोडवा म्हणत आणि कोणी कृत्रिमपणा.

लोकांना खरे वाटे का, या प्रश्नाचे उत्तर दुहेरी आहे. समोर पुरुष आहे हे प्रत्येकाला ठाऊक होते, तरीही घराघरांतल्या स्त्रियांनी त्यांची नेसण, अंबाड्यावर गजरा माळण्याची पद्धत आणि दागिन्यांची निवड उचलली. कुलीन घरातील मध्यमवर्गीय स्त्रीने चारचौघांत कसे दिसावे, याचा नमुना त्या काळात एका पुरुषाने घालून दिला. कारण प्रत्यक्ष स्त्रीला रंगमंचावर उभे राहण्याची मुभाच नव्हती. हे कौतुकाने सांगितले जाते, तेव्हा त्यातला अन्यायही सांगितला पाहिजे. 1929 मध्ये हिराबाई बडोदेकरांनी स्वतःची नाटक मंडळी काढली आणि स्त्रीपुरुष एकत्र रंगमंचावर आणले. 1933 मध्ये ‘नाट्यमन्वंतर’ या नाट्यसंस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ केले, त्यातही स्त्रियांनी कामे केली. स्त्रीपार्टी नटाची गरज संपत चालल्याची ही चिन्हे होती. बालगंधर्वांनी ती वेळीच वाचली नाहीत.

अभिनय म्हणून त्यांची सर्वांत अवघड भूमिका कोणती, असे विचारल्यास आम्ही ‘एकच प्याला’तील सिंधूचे नाव घेऊ. राम गणेश गडकरी 23 जानेवारी 1919 रोजी गेले आणि महिन्याभरात, 20 फेब्रुवारीला, बडोद्यात नाटकाचा पहिला प्रयोग झाला. सिंधूचा दारुडा नवरा सुधाकर गणपतराव बोडसांनी केला होता. शालू, मोत्यांचे अलंकार आणि अत्तराचा घमघमाट यांसाठी ज्याची ख्याती, त्या नटाने येथे दारुड्याच्या बायकोची जीर्ण वस्त्रे अंगावर घेतली आणि ‘घास घे रे तान्ह्या बाळा’ म्हणून थिएटर रडवले. ते केवळ रूपावर आणि वेषभूषेवर चालले, असे म्हणणाऱ्यांना सिंधू हे उत्तर पुरेसे आहे.

प्रश्न : मुलीचा मृत्यू झाला त्याच दिवशी त्यांनी नाटक केले, ही गोष्ट खरी की रचलेली? (एक वाचक, ठाणे)

खरी आहे. 12 मार्च 1911 रोजी मुंबईत खाडिलकरांच्या ‘मानापमान’चा पहिला प्रयोग होता आणि त्याच दिवशी त्यांची लहान मुलगी गेली. प्रयोग पुढे ढकलण्याची तयारी असूनही ते भामिनी म्हणून उभे राहिले. निष्ठेचे उदाहरण म्हणून ही कथा सांगितली जाते, परंतु घरी त्यांच्या पत्नीवर त्या रात्री काय गुदरले असेल, याविषयी कोणी फारसे लिहीत नाही.

प्रश्न : ‘संयुक्त मानापमान’मध्ये बालगंधर्व सरस ठरले की केशवराव भोसले? (एक वाचक, पणजी)

हा वाद शंभर वर्षांनंतरही मिटलेला नाही आणि आम्ही तो मिटवणार नाही. 8 जुलै 1921 रोजी मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी हा प्रयोग झाला. गंधर्व मंडळी आणि ललितकलादर्श या प्रतिस्पर्धी कंपन्यांचे मालक भामिनी आणि धैर्यधर म्हणून समोरासमोर आले. केशवरावांचा आवाज चढा, पल्लेदार आणि आक्रमक, बालगंधर्वांचा लडिवाळ. दोन्ही बाजूंचे चाहते आपापला नट जिंकला असे मानून घरी गेले. केशवराव त्याच वर्षी 4 ऑक्टोबरला विषमज्वराने वारले, तेव्हा ते ऐन उमेदीत होते. त्यामुळे त्या रात्रीच्या आठवणीला पुढे वेगळीच धार आली.

प्रश्न : एवढे उत्पन्न असताना ते कर्जबाजारी कसे झाले? बोलपटाकडे ते पैशासाठीच वळले ना? (एक वाचक, नागपूर)

बव्हंशी होय. 1913 मध्ये बालगंधर्व, टेंबे आणि बोडस किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांचा तिला आश्रय मिळाला. तिघांत हिशेबाची जाण असणारे दोघे होते, आणि तेच दोघे एकामागून एक बाहेर पडले. पुढे कंपनी एकट्या बालगंधर्वांची झाली, म्हणजे खर्चाला लगाम घालणारे कोणी उरले नाही.

नाटक कंपनी म्हणजे एक फिरते गावच असे. नट, साथीदार, रंगपट सांभाळणारे, पडदे ओढणारे, आचारी, त्यांची बिऱ्हाडे, रोजच्या पंगती आणि गावोगाव हलवायचे सामान. बालगंधर्वांनी त्यावर आपली हौस चढवली. भरजरी वस्त्रे खरी हवीत, गालिचे खरे हवेत, अत्तर उंची हवे आणि साथीला नामवंतच हवेत. 1920 च्या ‘द्रौपदी’तील मयसभेच्या थाटाने कंपनीला मोठ्या खड्ड्यात घातले. त्या वेळी चाहत्यांनी निधी जमवून कर्ज फेडण्याची तयारी दाखवली, ती त्यांनी नाकारली. खेळ करून स्वतः फेडीन म्हणाले आणि काही वर्षांत फेडलेही. ही गोष्ट त्यांच्या उधळेपणाइतकीच त्यांच्या स्वभावाची साक्ष देते.

दुसऱ्यांदा कर्ज झाले तेव्हा मात्र परिस्थिती बदललेली होती. 1931 मध्ये बोलपट आला. त्याच वर्षी बालगंधर्वांनी ‘कान्होपात्रा’ रंगमंचावर आणले आणि ते गाजलेही, पण नाटकगृहे एकेक करून चित्रपटगृहे होऊ लागली होती. काही आण्यांत गाणे, नाच आणि देखावे मिळत असतील, तर रात्रभराच्या नाटकाचे महाग तिकीट कोण काढणार? पहिले कर्ज हौसेचे होते, म्हणून कष्टाने फिटले. दुसऱ्याच्या मागे काळ होता. ‘प्रभात’चा करार हा त्या कोंडीतून बाहेर पडण्याचा प्रयत्न होता. तो सोडून ते पुन्हा नाटकाकडे वळले, याला व्यवहाराच्या दृष्टीने चूकच म्हणावे लागेल.

प्रश्न : गोहरबाईंनी बालगंधर्वांची कंपनी बुडवली, असे आमच्याकडील जुनी मंडळी म्हणत. आपले मत काय? (एक वाचक, बेळगाव)

तारखा पाहिल्या तर हा आरोप टिकत नाही. गोहरबाई कर्नाटकी 1938 च्या सुमारास कंपनीत आल्या. कंपनीची घडी त्यापूर्वीच विसकटलेली होती, बोलपटाचा प्रयोगही फसून गेला होता. गोहरबाई स्वतः उत्तम गात, बालगंधर्वांची गायकी त्यांनी बारकाईने आत्मसात केली होती, आणि ज्या भूमिका बालगंधर्वांना वयामुळे पेलेनाशा होत होत्या त्या त्यांनी केल्या. पुढे दोघांनी विवाह केला. मुसलमान गायिका आणि ब्राह्मण नट ही जोडी त्या वेळच्या समाजाला सहन झाली नाही, आणि बुडत्या कंपनीचे खापर फोडायला एक डोके आयते सापडले. त्यांच्या वागण्यावर काही जवळच्यांचे आक्षेप होते, ते असू शकतात. पण अर्धांगवायूने बालगंधर्व जागेवर खिळले, त्या काळातही त्या त्यांच्याजवळ होत्या. 1964 मध्ये त्या वारल्या आणि बालगंधर्व 15 जुलै 1967 रोजी पुण्यात गेले.

दोन पत्रांत गोहरबाईंची गल्लत कलकत्त्याच्या गौहरजानशी आणि एका पत्रात रणजित फिल्म कंपनीच्या मिस गोहरशी झाली आहे. या तिघी वेगळ्या. कर्नाटकी भगिनींपैकी दुसरी म्हणजे चित्रपटांतील गायिका-अभिनेत्री अमीरबाई.

प्रश्न : आम्ही परदेशात राहतो आणि मुले मराठी शिकत आहेत. बालगंधर्व ऐकायला कोठून सुरुवात करावी? आणि पुण्यात आल्यावर त्यांच्याशी संबंधित काय पाहावे? (एक वाचिका, लंडन)

आधी एक सावधगिरी. मिनिटाला 78 फेरे घेणाऱ्या जुन्या ग्रामोफोन तबकडीच्या एका बाजूवर तीन-साडेतीन मिनिटेच मावत. रंगमंचावर जे पद फुलत जाई, ते येथे घाईने गुंडाळलेले आहे. म्हणून पहिल्या ऐकण्यात ‘यात एवढे काय?’ असे वाटले तर निराश होऊ नका. नाटकाचा प्रसंग आधी मुलांना सांगा आणि मग पद लावा. ‘स्वयंवर’मधील ‘मम आत्मा गमला’ आणि ‘नाथ हा माझा’ यांतून त्यांचे गुरू भास्करबुवा बखल्यांच्या तालमीचा संस्कार कळतो. ‘एकच प्याला’तील ‘कशी या त्यजू पदाला’मध्ये शब्दांवर किती भार टाकायचा हे कळते. मुलांसाठी मात्र आम्ही ‘कान्होपात्रा’तील ‘जोहार मायबाप जोहार’ सुचवू. चोखामेळ्याचा तो अभंग आहे, शब्द सोपे आहेत, चाल मास्तर कृष्णरावांची आहे, आणि रागाची ओळख नसलेल्या कानालाही ती लगेच लागते.

पुण्यात जंगली महाराज रस्त्यावरील बालगंधर्व रंगमंदिर पाहा. त्याची कोनशिला 1962 मध्ये खुद्द बालगंधर्वांच्या हस्ते बसली, पण 26 जून 1968 रोजी उद्घाटन झाले तेव्हा ते नव्हते. आत गोपाळ देऊसकरांनी काढलेली त्यांची दोन मोठी तैलचित्रे आहेत, एक पुरुषवेषातले आणि एक स्त्रीवेषातले. नाटकाच्या मध्यंतरात तेथे गर्दी असते, म्हणून खेळ सुरू होण्याच्या अर्धा तास आधी पोहोचावे.